कोयनेच्या पोटातली वेधशाळा आम्हालाही ऐकू द्या

माननीय केंद्रीय पृथ्वीविज्ञान मंत्री,
भारत सरकार, नवी दिल्ली



आपल्या मंत्रालयाची एक वेधशाळा सातारा जिल्ह्यात जमिनीच्या पोटात आहे. कोयना खोऱ्यात, गोठण्याजवळ, २०१७ साली तीन किलोमीटर खोलीचे विंधन पूर्ण झाले. तोंडाशी हे छिद्र हातभर रुंद आहे, साधारण ४५ सेंटिमीटर. खोली मात्र इतकी, की महाबळेश्वरचे पठार समुद्रसपाटीपासून जितके उंच आहे त्याच्या दुपटीहून अधिक. कऱ्हाडची बोअरहोल जिओफिजिक्स रिसर्च लॅबोरेटरी हे काम पाहते आणि तिचे ठरलेले लक्ष्य सहा किलोमीटरचे आहे. हे काम थांबवा असे सांगण्यासाठी हे पत्र नाही. काम व्हावे आणि ठरलेल्या खोलीपर्यंत जावे. मागणी एकच आहे: ही वेधशाळा खडकात जे ऐकते ते तिच्या डोक्यावर राहणाऱ्या माणसांना मराठीत, नियमित आणि वेळेत सांगण्याचे बंधन मंत्रालयाने स्वतःवर घालून घ्यावे, आणि सहा किलोमीटरचा टप्पा गाठण्याची वाट न पाहता ते आत्तापासून पाळावे.

माहिती न सांगण्याचा धोका काय असतो, हे समजण्यासाठी विज्ञानकथेतले एक स्थळ डोळ्यांपुढे आणा. एखाद्या कल्पित जगाच्या चंद्रावर उभी असलेली वेधशाळा, जिच्या आत काय चालते हे खालच्या लोकांना ठाऊक नसते आणि जिच्यामुळे काहीतरी भयंकर घडणार असे सगळ्यांना वाटत असते. त्या कथेतली भीती दुर्बिणीमुळे येत नाही, बंद दारामुळे येते. प्रत्यक्षातही असेच घडले आहे. रशियाच्या कोला द्वीपकल्पात १९७० साली विंधन सुरू झाले आणि ते १२,२६२ मीटरपर्यंत गेले. माणसाने घेतलेल्या सर्वांत खोल छिद्रांपैकी ते एक. त्याच्याभोवती अशी आख्यायिका जन्मली, की खाली सोडलेल्या ध्वनिग्राहकात नरकातल्या जीवांच्या किंकाळ्या ऐकू आल्या. या कथेत तथ्य काहीच नव्हते, तरी ती जगभर फिरली. सोव्हिएत प्रकल्पाभोवती माहितीची पोकळी होती आणि ती पोकळी अफवेने भरून काढली. कोयनेचे खोरे तर अशा अफवेला आणखी सुपीक आहे, कारण इथे जमीन खरोखर हलते. पाटण तालुक्यात रात्री भांडी वाजली, कौले सरकली आणि जमिनीतून गुरगुर ऐकू आली, की ज्या माणसाला जवळच्या खोल छिद्राबद्दल कोणी काही सांगितलेले नाही, तो दोन्ही गोष्टी एकमेकींना जोडणारच. त्याला अडाणी म्हणणे अन्यायाचे होईल. आधीचा अनुभव त्याच्या बाजूने आहे.

तो अनुभव असा. कोयना धरणाचा शिवाजीसागर जलाशय १९६२ च्या सुमारास भरू लागला आणि धरणाच्या परिसरात धक्के जाणवू लागले. खडकवासल्याच्या केंद्रीय जल आणि विद्युत संशोधन केंद्राने तिथे भूकंपमापक बसवले. म्हणजे कोयनेत भूकंपाचे वेध घेणे आजचे नाही, साठ वर्षांपूर्वीचे आहे. १३ सप्टेंबर १९६७ रोजी पाच रिश्टरच्या वरचा धक्का बसला. त्यानंतर तीन महिन्यांच्या आत, ११ डिसेंबरच्या पहाटे ४ वाजून २१ मिनिटांनी ६.३ रिश्टरचा भूकंप झाला. कोयनानगर आणि आसपासच्या गावांतली दगडमातीची घरे झोपलेल्या माणसांवर कोसळली आणि दोनशेच्या आसपास माणसे गेली. धरणाच्या आराखड्यात गुरुत्वाकर्षणाच्या सुमारे पाच टक्के इतका आडवा हादरा धरला होता. धरणातल्या यंत्राने नोंदवलेला हादरा पन्नास टक्क्यांच्या घरातला होता. धरणाला आडव्या भेगा पडल्या, पुढे त्याला टेकू देऊन भक्कम करावे लागले, आणि ती नोंद धरण-अभियांत्रिकीत जगभर आजही वापरली जाते. दख्खनचे पठार स्थिर आहे हाच त्या काळचा समज होता, त्यामुळे सप्टेंबरच्या धक्क्यावरून डिसेंबरची तारीख कोणालाच सांगता आली नसती. पण पाचच्या वरचा धक्का बसून गेला आहे, धरण भरून चारपाच वर्षे धक्के थांबलेले नाहीत, दगडमातीच्या भिंतीखाली झोपताना जपा, एवढे सांगण्यासाठी तारीख लागत नव्हती. नोंद होती, पण ती गावापर्यंत जाण्याची वाट नव्हती. आज खोली तीन किलोमीटर झाली आणि यंत्रे कितीतरी सूक्ष्म झाली. गावापर्यंतची ती वाट मात्र अजून बांधायची आहे.

सांगलीकरांना हे पत्र आपले वाटावे याला कारण आहे. वारणेचे धरण सांगली जिल्ह्यातल्या शिराळा तालुक्यात चांदोलीला आहे. १९८५ पासून त्यात पाणी अडू लागले आणि १९९३ नंतर भूकंपांचा पट्टा कोयनेकडून दक्षिणेला, वारणेच्या दिशेने सरकलेला दिसतो. साधारण तीस किलोमीटर लांब आणि वीस किलोमीटर रुंद एवढ्या लहानशा टापूत १९६७ नंतर पाच रिश्टरच्या वरचे वीसहून अधिक आणि चारच्या वरचे दोनशेच्या आसपास भूकंप झाले. लहान धक्के हजारोंनी आहेत. त्यांतले बहुतेक जमिनीखाली दहा किलोमीटरच्या आत होतात. जलाशयामुळे चाळवलेले भूकंप जगात इतरत्रही झाले: चीनमध्ये सिनफेंगकियांग, झांबिया-झिंबाब्वेच्या सीमेवर करिबा, ग्रीसमध्ये क्रेमास्ता. पण इतकी वर्षे, इतक्या सातत्याने, इतक्या छोट्या जागेत आणि इतक्या उथळ खोलीवर धक्के देणारी कोयनेसारखी जागा दुसरी नाही. म्हणूनच २०११ साली देशविदेशांतले शास्त्रज्ञ इथे खोल विंधन करावे या निष्कर्षाला आले. भूकंपाच्या उगमाजवळ जाऊन त्याचे वेध घेता येतील अशी ही दुर्मिळ जागा आहे. जगाला तिचे अप्रूप वाटते, पण इथल्या लोकांना त्या जागेवर राहायचे आहे.

आतापर्यंत जे हाती आले आहे ते गावातल्या चावडीवर सांगण्यासारखे आहे, त्यासाठी पदवी लागत नाही. पंधराशे मीटरपर्यंतच्या शोधविंधनांतून खडकाचे लांब दंडगोल तुकडे बाहेर आले. ते क्रमाने मांडले की वरचा भाग आपल्या ओळखीचा असतो: काळा पाषाण, लाव्हाच्या एकावर एक थरांचा, मध्येच एखादा तांबड्या मातीचा पट्टा. दोन उद्रेकांमध्ये जो काळ गेला त्यात तयार झालेली ती माती. काळ्या पाषाणाची जाडी जागेनुसार साधारण ४०० मीटरपासून १२५० मीटरपर्यंत भरली. मग रंग एकदम बदलतो आणि फिकट, कणीदार ग्रॅनाइटी खडक लागतो. वरचा पाषाण साडेसहा कोटी वर्षांचा, खालचा अडीचशे कोटी वर्षांहून जुना, आणि दोघांच्या मध्ये गाळाचा थर नाही. धक्के उगम पावतात ते या खालच्या खडकात. तीन किलोमीटरच्या विंधनात आणखी एक गोष्ट समजली, जी प्रत्येक शेतकऱ्याला विचार करायला लावील. तितक्या खोलवरही भेगांत पाणी आहे आणि ते पावसाचे आहे. सह्याद्रीवर पडलेला पाऊस भेगाभेगांतून इतका खाली झिरपतो. खालचा खडक आधीच ताणाने इतका भरलेला आहे, की ताणात झालेला थोडासा फरकही त्याला हलवायला पुरतो. पाणी खडकाच्या भेगांतला दाब वाढवते, भेगेच्या दोन बाजूंना एकमेकींवर धरून ठेवणारे घर्षण कमी होते आणि बाजू सरकतात. म्हणून जलाशय किती वेगाने भरला, आधीची कमाल पातळी त्याने ओलांडली का आणि ती पातळी किती दिवस टिकली, यांचा धक्क्यांशी संबंध लागतो. भूभौतिकशास्त्रज्ञ हर्ष गुप्ता आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ही सूत्रे मांडून कितीतरी वर्षे झाली. ती इंग्रजी शोधनिबंधांत आहेत. शिराळ्याच्या पाचवीच्या वर्गात ती मराठीत पोचायला हवीत.

आता आक्षेपांकडे वळतो. पहिला आक्षेप गावाकडूनच येईल: या छिद्रामुळेच मोठा भूकंप झाला तर? हा प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नाही. स्वित्झर्लंडमधल्या बाझेल शहरात २००६ साली भूगर्भातली उष्णता मिळवण्यासाठी खोल विंधनातून मोठ्या दाबाने पाणी सोडले, ३.४ रिश्टरचा धक्का बसला आणि प्रकल्प गुंडाळावा लागला. दक्षिण कोरियातल्या पोहांगला २०१७ च्या नोव्हेंबरात ५.४ रिश्टरचा भूकंप झाला. तोही तिथल्या भू-औष्णिक विंधनात सोडलेल्या पाण्याने चाळवला गेला, असा निष्कर्ष सरकारने नेमलेल्या समितीने काढला. त्या शहरात आधी तीनच्या वरचा धक्का येऊन गेला होता, तरी काम पुढे चालू राहिले होते. दोन्ही ठिकाणी धोका खोलीतून आला नाही, प्रचंड प्रमाणात दाबाने सोडलेल्या पाण्यातून आला. कोयनेचे विंधन खडकाचे नमुने घेण्यासाठी, तापमान आणि ताण मोजण्यासाठी, आणि यंत्रे धक्क्यांच्या जवळ नेऊन ठेवण्यासाठी आहे. जमिनीवरच्या यंत्राला पाऊस, वारा आणि रस्त्यावरची वाहने यांचा गोंगाट सोसावा लागतो. काळ्या पाषाणाच्या खाली उतरवलेले यंत्र कितीतरी बारीक हालचाल टिपते. अशा हातभर छिद्राने शेकडो चौरस किलोमीटरच्या खडकातला ताण बदलत नाही, आणि हे मी निःशंकपणे म्हणतो. पण ताण मोजण्याच्या एका पद्धतीत खडकाच्या छोट्याशा भागात थोडे पाणी दाबाने सोडावे लागते. ते प्रमाण बाझेल-पोहांगच्या तुलनेत नगण्य असते. तरीही असे काही करायचे असेल तेव्हा कोणत्या दिवशी, किती पाणी, कशासाठी आणि कोणता धक्का बसल्यास काम थांबवणार, हे आधी जाहीर व्हायला हवे. जे आधी सांगितले जाते त्याची अफवा होत नाही. जे नंतर बाहेर येते त्यावर पुढची दहा वर्षे कोणी विश्वास ठेवत नाही.

दुसरा आक्षेप कार्यालयातून येतो: लोकांना रोज धक्क्यांची माहिती दिली तर घबराट पसरेल. याचे उत्तर सांगलीत शोधावे. पावसाळ्यात कृष्णेकाठचा माणूस सकाळी उठून कोयनेतून किती क्युसेक विसर्ग सुरू आहे आणि आयर्विन पुलाजवळ पाणी किती फुटांवर आहे, हे पाहतो. चाळीस फूट म्हणजे इशारा, पंचेचाळीस फूट म्हणजे धोका, हे तिथल्या भाजीवालीला आणि रिक्षावाल्यालाही पाठ आहे. २००५, २०१९, २०२१ या पुरांनी हे शिकवले. २०१९ मध्ये पाणी सत्तावन्न फुटांवर गेले आणि नुकसान भयंकर झाले. पण म्हणून पातळी लपवा असे नंतर कोणीही म्हणाले नाही. उलट माहिती आणखी लवकर आणि आणखी वरच्या बाजूची द्या, अशीच मागणी झाली. आकडा रोज कानावर पडला की माणूस तो वाचायला शिकतो. कोणत्या आकड्याला घरातले धान्य माळ्यावर चढवायचे आणि कोणत्या आकड्याला जनावरे सोडायची, हे गल्लीगल्लीला ठरते. भूकंपाचा आकडा पाण्याइतका सरळ नाही हे मान्य. पाणी चढताना दिसते, भूकंप चढताना दिसत नाही. पण या महिन्यात धक्के किती झाले, कुठल्या बाजूला सरकले, गेल्या वर्षी याच काळात किती होते, जलाशयाची पातळी काय आहे, एवढे तरी सांगता येतेच. लोक त्याचे काय करायचे ते ठरवतील. जो समाज विसर्गाचे आकडे पचवतो तो धक्क्यांचे आकडे पचवणार नाही, असे मानणे त्याला कमी लेखणे आहे.

याच आक्षेपाची दुसरी बाजू म्हणजे शास्त्रज्ञांना वाटणारी भीती: बोललो आणि चुकलो तर? इथे इटलीतल्या ला'क्विला शहराचे उदाहरण पुढे केले जाते. २००९ च्या एप्रिलमध्ये तिथे भूकंप झाला, तीनशेहून अधिक माणसे गेली, आणि २०१२ साली सहा शास्त्रज्ञ व एका अधिकाऱ्याला न्यायालयाने दोषी ठरवले. २०१४ मध्ये शास्त्रज्ञ निर्दोष सुटले. या प्रकरणाचा धडा ‘गप्प बसा’ असा काढला जातो. मला तो उलटा वाटतो. भूकंप सांगता आला नाही हा तिथल्या लोकांचा खरा राग नव्हता. आठवडाभर आधी, लहान धक्के सुरू असताना, अधिकाऱ्याने दूरचित्रवाणीवर लोकांना निर्धास्त राहायला सांगितले आणि रात्र बाहेर काढण्याची जुनी सवय असलेली कुटुंबे त्या शब्दावर घरात झोपली, हा राग होता. घात झाला तो खोट्या दिलाशाने. ‘आम्हाला एवढे दिसते आहे, पुढे काय होईल ते सांगता येत नाही’ हे वाक्य कोणत्याही न्यायालयात टिकेल आणि कोणत्याही गावात समजेल. कोयनेत तर शास्त्रज्ञांनी याहून पुढचे पाऊल टाकले आहे. चार रिश्टरच्या आसपासच्या धक्क्यांचा अल्पकालीन अंदाज इथे शक्य दिसतो, असा निबंध हैदराबादच्या राष्ट्रीय भूभौतिक संशोधन संस्थेच्या शास्त्रज्ञांनी २००७ साली ‘करंट सायन्स’मध्ये प्रसिद्ध केला. तो अंदाज किती वेळा खरा ठरला आणि किती वेळा चुकला याचा हिशेब मराठीत गावासमोर ठेवावा. चुकलेल्या अंदाजाचा उघड हिशेब विश्वास वाढवतो. हवामान खात्याचे अंदाज आपण असेच ऐकायला शिकलो.

तिसरा आक्षेप असा, की कच्ची नोंद जाहीर करता येत नाही, तिचा अर्थ लागायला काही वर्षे जातात. यावर आपल्याच देशाचा दाखला पुरे आहे. चांद्रयान-३ चा ‘विक्रम’ लँडर २३ ऑगस्ट २०२३ रोजी चंद्रावर उतरला. त्याच्यावर इल्सा नावाचे कंपन टिपणारे यंत्र होते. २६ ऑगस्टला त्याने एक हालचाल नोंदवली. ३१ ऑगस्टला इस्रोने ती नोंद आलेखासकट जगापुढे ठेवली आणि सांगितले, की ही घटना नैसर्गिक दिसते, तिचा उगम शोधण्याचे काम सुरू आहे. अर्थ लागलेला नव्हता, तरी नोंद सांगितली गेली, आणि देशाला अभिमान वाटला. त्याआधी अपोलो मोहिमांच्या भूकंपमापकांनी १९६९ ते १९७७ या काळात चंद्राच्या पोटातले हजारो हादरे टिपले होते. खोलवरचे चांद्रकंप पृथ्वीच्या ओढीने महिन्यामहिन्याला त्याच त्या जागी होतात, हे त्या नोंदींतून कळले. कोयनेचे धक्के जलाशयाच्या भरण्या-उतरण्याला असाच प्रतिसाद देतात, फक्त इथली लय पावसाळ्याची आहे. सुमारे पावणेचार लाख किलोमीटर दूरच्या, निर्मनुष्य चंद्राची हालचाल कऱ्हाडच्या शाळकरी मुलाला पाच दिवसांत समजू शकते, तर त्याच्याच खोऱ्यात जमिनीखाली यंत्राने ऐकलेली हालचालही समजायला हवी. राष्ट्रीय भूकंपविज्ञान केंद्राचे ‘भूकंप’ नावाचे ॲप आहे आणि ते उपयोगी आहे. ते धक्क्याची वेळ, जागा आणि रिश्टर सांगते. त्या धक्क्याचा धरणातल्या पाण्याशी, काळ्या पाषाणाखालच्या भेगांशी आणि मागच्या धक्क्यांशी काय संबंध, ही गोष्ट मात्र कऱ्हाडची वेधशाळाच सांगू शकते.

एक आक्षेप खर्चाचा आहे, आणि मला तो सगळ्यांत जवळचा वाटतो. छिद्रावर कोट्यवधी रुपये घालण्याऐवजी घरे भक्कम करा. १९९३ च्या किल्लारी भूकंपात हजारो माणसे जड माळवदाखाली आणि दगडमातीच्या जाड भिंतींखाली सापडली. भूकंपात मारते ते घर, ही गोष्ट कोयनानगरने १९६७ मध्ये आणि किल्लारीने १९९३ मध्ये दाखवली आहे. भिंतीच्या आरपार जाणारे दगड, चौकटीच्या वर चारही भिंतींना बांधणारा सलग पट्टा, कोपऱ्यांचे जोड आणि हलके छप्पर एवढ्याने घर उभे राहण्याची शक्यता पुष्कळ वाढते. पण माणूस घरावर हा खर्च कधी करतो? धोका त्याला स्वतःचा वाटतो तेव्हा. पाटणच्या गवंड्याला आणि शिराळ्याच्या ग्रामसेवकाला दर महिन्याला आपल्या खोऱ्याचा नकाशा दिसला, त्यावर ताज्या धक्क्यांचे ठिपके आपल्या गावाच्या भोवती पडलेले दिसले, तर पट्टा टाकायचा की नाही हा प्रश्न कागदावरचा राहत नाही. वेधशाळेचा पैसा गावाच्या कामी येण्याचा हाच सर्वांत स्वस्त मार्ग आहे, आणि त्यासाठी नवे छिद्र लागत नाही, नवे यंत्र लागत नाही.

मंत्रिमहोदय, म्हणून मागणे असे आहे. कऱ्हाडच्या प्रयोगशाळेने दर महिन्याला एक पानाचे मराठी पत्रक काढावे आणि ते पाटण, कऱ्हाड, शिराळा या तालुक्यांतल्या प्रत्येक ग्रामपंचायतीच्या फलकावर, शाळेत आणि एसटी स्थानकावर लागावे. चारच्या वरचा धक्का बसला तर त्याच दिवशी स्वतंत्र निवेदन यावे. विंधनात पाणी सोडण्याचे किंवा यंत्र उतरवण्याचे काम आधी जाहीर व्हावे. वर्षातून निदान एकदा शास्त्रज्ञांनी कोयनानगरला आणि चांदोलीला ग्रामसभेपुढे उभे राहून प्रश्नांना उत्तरे द्यावीत, आणि खडकाचे ते तुकडे मुलांना हातात घेऊन पाहू द्यावेत. कोयनेच्या विजेवर महाराष्ट्राचे कारखाने चालतात आणि कोयनेच्या धक्क्यांवर जगाचे भूकंपविज्ञान पुढे सरकते. या दोन्हींची किंमत ज्यांनी घर आणि जमीन देऊन मोजली, त्यांना महिन्याला एक कागद मिळावा. येत्या पावसाळ्यात शिवाजीसागर भरू लागेल तेव्हा पहिले पत्रक फलकावर लागलेले असावे, एवढी आपणास विनंती.

आपला नम्र,
कृष्णा-कोयना खोऱ्यातील एक रहिवासी